वीस पानं, पन्नास प्रती : टोकियोतल्या एका पहिल्या दोजिन्शीचं प्रकरण

माझ्या धाकट्या बहिणीच्या मनात होती ती गोष्ट ९६ पानांची होती. छापून हातात आलं ते पुस्तक २० पानांचं. या दोन आकड्यांच्या मध्ये काय काय झालं ते सविस्तर लिहून ठेवते आहे. चित्रं उत्तम काढणारी, कॉमिक करायचंच म्हणणारी आणि वर्षानुवर्षं पहिल्या तीन पानांवर अडकलेली मराठी मुलं-मुली मला बरीच भेटतात. बहिणीचंही अगदी तसंच चाललं होतं.

ती बारा वर्षं टोकियोशेजारच्या कावासाकीत राहते. दिवसा ऑफिस, रात्री चित्रं. मी निशी-कासाईत, म्हणजे टोकियोतल्या ज्या भागात कढीपत्ता विचारला तर दुकानदार आश्चर्याने बघत नाही, तिथे. चित्रं आणि गोष्ट सगळी तिची. माझ्याकडे हिशेब, अर्ज आणि टेबलावर बसणं. त्यामुळे या बाजूंबद्दल मी जास्त बोलेन, ते ओघानेच आलं.

दोजिन्शी म्हटलं की आपल्याकडे बरेच जण विचारतात, "म्हणजे ते मोठ्यांचंच असतं ना?" तशी असतात, भरपूर असतात. पण हा शब्द विषय सांगत नाही, काढायची पद्धत सांगतो. दोजिन् म्हणजे एका आवडीने जमलेली माणसं, शी म्हणजे नियतकालिक. प्रकाशक नाही, संपादक नाही. स्वतः करायचं, स्वतःच्या पैशाने छापायचं, स्वतः टेबलावर बसून द्यायचं. सुरुवात साहित्यिकांनी केली : १८८५ साली ओझाकी कोयो आणि त्याच्या मित्रांनी 'गाराकुता बुन्को' काढलं, तेही आधी हाताने लिहून आपापसांत फिरवलं. आपल्याकडे साठच्या दशकात सायक्लोस्टाइलवर अनियतकालिकं काढणाऱ्यांना ही जात लगेच ओळखू आली असती.

कॉमिक्सचा मोठा बाजार, कोमिके, पहिल्यांदा भरला तो २१ डिसेंबर १९७५ ला. टोकियोतलं एक सभागृह, ३२ गट, सातशेच्या आसपास माणसं. डिसेंबर २०१९ मध्ये त्याच कोमिकेला चार दिवसांत साडेसात लाख माणसं आली. तिथली एक गोष्ट मला फार आवडते. विकणारा, घेणारा, स्वयंसेवक अशी विभागणी ते करत नाहीत, सगळे सहभागी. विक्रीलाही विक्री म्हणत नाहीत, 'हान्पु' म्हणतात, म्हणजे वाटप.

बहिणीने मात्र कोमिके न निवडता कोमितिया निवडला. १९८४ पासून चालणारा, वर्षातून चार वेळा टोकियो बिग साइट या प्रदर्शन केंद्रात भरणारा हा मेळा फक्त स्वतःच्या कल्पनेतल्या कामांसाठी आहे. दुसऱ्याची पात्रं घेऊन केलेली पुस्तकं तिथे चालत नाहीत. नवशिक्याने इथूनच सुरुवात करावी असं माझं ठाम मत आहे. दुसऱ्याच्या पात्रांवर केलेली दोजिन्शी जपानमध्ये मोठ्या संख्येने निघतात आणि हक्कदार बहुतेक वेळा काणाडोळा करतात, पण तो काणाडोळा आहे, परवानगी नव्हे. डोरेमॉनचा 'शेवटचा भाग' कल्पून एका चित्रकाराने २००५ साली काढलेलं दोजिन्शी इतकं खपलं, १३ हजार प्रतींच्या आसपास, की हक्कदारांनी आक्षेप घेतला आणि त्याला माफी मागून पैसे भरावे लागले. पहिल्या पुस्तकाबरोबर ही धास्ती कशाला?

परदेशी माणसासाठी आणखी एक गोष्ट. नोकरीच्या व्हिसावर असताना इतर मार्गाने कमाई करायची तर इमिग्रेशनची परवानगी लागू शकते, ते आधी विचारून घ्यावं. बहिणीकडे कायम वास्तव्याचा परवाना आहे, तेव्हा तो प्रश्न आला नाही.

नऊ रविवार

९६ पानांची गोष्ट आमच्या आजीची होती. लग्न होऊन कुडाळजवळच्या गावात येणं, आजोबांचं मुंबईला गिरणीत जाणं, मनीऑर्डरची वाट बघणं, चार मुलं, शेवटी रिकामं घर. बहिणीने तिचा 'नेमु' तीनदा केला होता. नेमु म्हणजे पानापानाचा कच्चा आराखडा, चौकटी कुठे, कोण काय बोलतं. तिन्ही वेळा आजी बैलगाडीतून उतरून उंबऱ्यावर आली, माप ओलांडलं आणि काम थांबलं.

ऑगस्टच्या शेवटी आम्ही नोव्हेंबरच्या मेळ्यासाठी अर्ज भरला. त्या संध्याकाळी मी कॅलेंडर घेऊन बसले. छापखान्याला फाइल मेळ्याच्या दोन आठवडे आधी द्यायची. मध्ये उरत होते नऊ रविवार. एक पान पूर्ण करायला तिला सहा-सात तास लागतात. शनिवार-रविवार धरून आठवड्याला दोन पानं. नऊ दुणे अठरा.

"ताई, मग आजीचं लग्न कुठे जाईल?"

"पुढच्या पुस्तकात."

"आणि गिरणी?"

"त्याच्या पुढच्या."

ती दोन दिवस माझ्याशी धड बोलली नाही. तिसऱ्या दिवशी फोन आला : मे महिन्यातली एक दुपार करते. खळ्यात फणसाचे पापड वाळत घातलेत, नातीला राखण करायला बसवलंय, कावळा टपलाय. एवढंच.

पिनेने शिवलेल्या पुस्तकाची पानं चारच्या पटीत लागतात, म्हणून २० ठरली. त्यातलं एक शीर्षकाचं, एक मनोगताचं, एक ओकुझुकेचं. ओकुझुके म्हणजे शेवटचं पान, त्यावर प्रकाशनाची तारीख, काढणाऱ्याचं नाव, संपर्क आणि छापखाना. ते असलंच पाहिजे. गोष्टीला उरली १७. नऊ रविवारांत मावतील इतकी, आणि वर एक पान चुकलं तर सावरायला जागा.

या सगळ्या प्रकरणात एकच निर्णय सांग असं कुणी म्हटलं तर मी हा सांगेन. गोष्टीला किती पानं हवीत हे तिने विचारायचं थांबवलं आणि रविवार किती आहेत हे मोजलं, तेव्हा पुस्तक सुरू झालं.

फुगे आणि कावळा

नेमु तिने मराठीत लिहिला होता, कारण आजी मराठीतच बोलते. त्यामुळे संवादाचे फुगे आडवे, पसरट झाले. जपानी संवाद उभ्या ओळींत असतात, उजवीकडून डावीकडे. पसरट फुग्यात जपानी मजकूर घातला तर दोन-दोन अक्षरांच्या बुटक्या ओळींची रांग होते आणि वाचणारा अडखळतो. सगळे फुगे उंच करावे लागले. फुगा उंच झाला की तो डोकी झाकतो. मग माणसं खाली सरकवायची. चार रात्री त्यात गेल्या. जपानीत करायचं असेल तर नेमुपासूनच फुगे उंच काढावेत. चित्रकलेच्या वर्गात हे कुणी शिकवत नाही.

आवाजांचं काय करायचं हा प्रश्न जास्त गोड होता. जपानीत कुरकुरीतपणाचेही प्रकार आहेत. बिस्किटासारखं खुसखुशीत ते साकुसाकु, कडक ते कारिकारि आणि पातळ, चटकन मोडणारं ते पारिपारि. फणसाचा पापड पारिपारि, यात वाद नव्हता. पण बहीण म्हणाली, आजीच्या खळ्यात पापड जपानीत मोडणार नाही. तिने सगळे आवाज देवनागरीत, हाताने काढले आणि खाली बारीक काताकाना या जपानी लिपीत तिथला आवाज दिला. तेलात 'चर्रर्र', खाली 'ज्युवा'. दाताखाली 'कुर्रम', खाली 'पारि'.

नवव्या पानावर कावळा येतो. तिथे तिने 'काव काव'ची शिरोरेषा विजेच्या तारेसारखी पानभर ताणली आणि कावळा त्याच तारेवर बसवला. खाली जपानी कावळ्याचं 'का का'. हे पान बघितलं तेव्हा मला पहिल्यांदा वाटलं की हे पुस्तक तिच्याशिवाय कुणी करूच शकलं नसतं.

आजी कावळ्याला ओरडते, "पळ मेल्या!" याचं शब्दशः जपानी केलं तर आजी शाप देते आहे असं वाटेल. तिच्या ऑफिसातल्या जपानी मैत्रिणीने सुचवलं, "कोराऽ!" खोडकर पोराला दटावताना म्हणतात तसं. मेल्यातली माया त्यात पूर्ण येत नाही, पण हातातली काठी येते.

लुगड्यावरच्या चौकटी

चित्रं तिने क्लिप स्टुडिओ पेंट या चित्रकलेच्या सॉफ्टवेअरवर काढली. पहिली सहा पानं ए५ आकारात झाली आणि मग तिने ठरवलं की पुस्तक बी५ करायचं, चित्रांना मोकळं वाटेल. पानं मोठी केली. स्क्रीनवर सगळं नीट दिसत होतं. सुदैवाने तिने कोपऱ्यावरच्या कोन्बिनीत, म्हणजे छपाईचं यंत्र असलेल्या छोट्या दुकानात, एक प्रत काढून पाहिली. आजीचं साधं लुगडं चौकड्याचं झालं होतं.

मंगातली, म्हणजे जपानी कॉमिक्समधली, राखाडी छटा म्हणजे टोन, काळ्या बारीक ठिपक्यांची जाळी. ती लावल्यानंतर पान लहान-मोठं केलं की ठिपक्यांचं अंतर बिघडतं आणि छापताना पट्टे-चौकटी उमटतात. उपाय एकच, टोन काढून नव्या आकारावर परत लावायचे. सहा पानं, एक पूर्ण शनिवार. आकार पहिल्या रेघेआधी ठरवावा, आणि कागदावर प्रत काढून पाहिल्याशिवाय फाइल पाठवू नये.

बाकी तांत्रिक बाबी छापखान्याच्या सूचनापत्रात असतात : काळ्या-पांढऱ्या पानांना ६०० डीपीआय (इंचाला तितके ठिपके), रंगीत मुखपृष्ठाला ३५०, चारही बाजूंना ३ मिलिमीटर जास्तीचं चित्र, कारण कापताना कडा जाते. आमची फाइल परत आली ती 'नोम्बुरु'मुळे. नोम्बुरु म्हणजे पानाचा आकडा. दोन पानं पूर्ण काळी होती, त्यांवर आकडा नव्हता. पानं क्रमाने लावणाऱ्या माणसाला तोच आधार असतो, म्हणून अशा पानांवरही शिवणीजवळ बारीक आकडा द्यावा लागतो. दुरुस्ती अर्ध्या तासाची होती, पण त्यात मुदत टळली आणि लवकर फाइल देण्याची सवलत हातची गेली. चूक आमचीच.

एक चूक छापूनही आली. चौदाव्या पानावर 'कुर्रम' कडेच्या फार जवळ होता, कापताना 'म' गेला. जपानी वाचकाला ते कळायचं कारण नाही. आम्हाला दर वेळी तोच दिसतो.

प्रती किती, यावरही आमचं वाजलं. ऑफसेटला प्लेटचा खर्च आधीच बसतो, म्हणून जितक्या जास्त प्रती तितकी प्रत स्वस्त. ऑनडिमांडला प्लेट नसते, थोड्या प्रतींना तीच परवडते. दरपत्रकात १०० प्रतींची किंमत ५० च्या दुप्पट नसतेच, आणि तिथे मोह होतो. बहिणीचा हिशेब होता : ओळखीचे तीस-चाळीस जण तर घेतीलच. मी म्हटलं, ओळखीचे शुभेच्छा देतात, रविवारी बिग साइटला येत नाहीत. ५० वर तडजोड झाली. ओळखीचे तीन जण आले.

नव्वद सेंटिमीटर

मेळ्यात एका लांब टेबलाचा अर्धा भाग मिळतो, साधारण ९० सेंटिमीटर. छापखान्याने प्रतींचा खोका थेट तिथेच, टेबलाखाली आणून ठेवलेला होता. बहिणीने तो उघडला, वरची प्रत काढली आणि आधी वास घेतला. आजीच्या घरी नवीन पाठ्यपुस्तकं यायची तेव्हा आम्ही दोघी तेच करायचो.

नमुन्याची एक प्रत आयोजकांकडे जमा करायची असते. शेजारच्या टेबलांशी नमस्कार-चमत्कार झाले. अकरा वाजता मेळा उघडल्याची घोषणा झाली आणि सगळ्या हॉलने टाळ्या वाजवल्या. कुणा पाहुण्यासाठी नव्हे, एकमेकांसाठी. माझे डोळे भरून आले.

आणि मग सव्वा तास एकही प्रत गेली नाही.

लोक समोरून जात होते, नजर टेबलावरून घसरत पुढे जात होती. मला राहून राहून हाक मारावीशी वाटत होती, कुडाळच्या बाजारात मारतात तशी. बहिणीने टेबलाखालून माझा हात दाबून ठेवला. शेवटी डावीकडच्या वयस्कर बाई, ज्या कितीतरी वर्षं फक्त मांजरांची पुस्तकं करत आल्यात, हळूच म्हणाल्या, एक बोलू का? पुस्तकं आडवी ठेवलीत, चालणाऱ्याला फक्त कडा दिसते. आणि पाटीवर लिहिलंय 'भारतातल्या आठवणी', त्यावरून आत काय आहे ते कळत नाही.

त्यांनीच आपला एक जास्तीचा स्टँड दिला. मुखपृष्ठ डोळ्यांसमोर आलं. बहिणीने पाटी उलटून मागे जाड पेनाने लिहिलं : आजी, पापड आणि कावळा. २० पानं. ४०० येन. बाजूला कावळा काढला.

दहा मिनिटांत एक मुलगा थांबला, "बघू का?" म्हणाला आणि नमुना प्रत उघडली. तो वाचत असताना आपण काय करायचं, ही या सगळ्यातली सगळ्यात अवघड गोष्ट. त्याच्या तोंडाकडे बघायचं नाही, समजावून सांगायचं नाही. आम्ही दोघी सुटे पैसे मोजत बसलो. नवव्या पानावर तो थांबला, तारेवर बोट फिरवलं आणि विचारलं, ही अक्षरं आहेत का? बहीण हो म्हणाली. त्याने ५०० चं नाणं पुढे केलं.

तिथून पुढे माणसं थांबायला लागली. दुपारी एक बाई आल्या, उभ्यानेच पूर्ण वाचलं, मग म्हणाल्या की नागानोला त्यांची आजी वळचणीला पर्सिमॉन वाळत टांगायची आणि राखणीला त्यांनाच बसवायची. "तिथेही कावळेच." त्यांनी दोन प्रती घेतल्या, एक बहिणीसाठी. ज्यांना हे पुस्तक परक्या देशाचं वाटलं ते पुढे गेले. ज्यांना आजीचं वाटलं त्यांनी घेतलं.

चार वाजता परत टाळ्या झाल्या. २१ प्रती गेल्या होत्या.

वहीतला हिशेब

छपाई १६,५००, टेबल ६,०००, कापड, पाटी वगैरे १,१००, जाणं-येणं १,४००. एकूण २५,००० येन. जमा ८,४००. तूट १६,६००.

ही तूट फक्त विक्री कमी झाल्यामुळे आली नाही. ५० पैकी एक आयोजकांना, एक नमुन्याला, दोन शेजाऱ्यांशी अदलाबदलीत. राहिलेल्या ४६ च्या ४६ गेल्या असत्या तरी १८,४०० च झाले असते. म्हणजे किंमत ठरवली त्याच दिवशी तोटा ठरला होता आणि ती बेरीज मी, हिशेब सांभाळणारीने, आधी केली नाही. आता विचाराल तर मी ३० प्रती आणि ५०० येन सांगेन. ५०० चं एकच नाणं असतं, देणाऱ्याला सोपं. आम्ही सुट्यासाठी दोन आठवडे १०० ची नाणी साठवत होतो, तेही वाचलं असतं. पगारदाराचा असा इतर नफा वर्षाला २ लाख येनांवर गेला की कराचं विवरणपत्र भरावं लागतं. पहिल्या पुस्तकाला त्याची काळजी नको.

उरलेल्यांतल्या ९ प्रती पुढच्या काही महिन्यांत 'बूथ' या संकेतस्थळावरून गेल्या. पिक्सिव्ह या चित्रकारांच्या संकेतस्थळाची ही विक्रीची सोय २०१३ पासून आहे आणि तिथे घेणाऱ्याला हवं तर किंमतीवर थोडे जास्त पैसे देता येतात. दोघांनी दिले. बहिणीने त्या दोन पावत्या टेबलासमोर चिकटवून ठेवल्यात. १६ प्रती पुढच्या मेळ्यासाठी ठेवल्या. तिथे टेबलावर एकाऐवजी दोन पुस्तकं असतील, दुसरं आजीच्या लग्नाचं, तेही २० पानांचंच.

आईची प्रत

एक प्रत बहिणीने स्वतःसाठी बाजूला ठेवली होती, ती कुडाळला पाठवली, तेव्हा १५ च उरल्या म्हणायच्या. आईने पुस्तक आपल्या सवयीप्रमाणे डावीकडून उघडलं. संध्याकाळी फोन आला.

"अगो, पापड खावन झाल्यार मगे गरे कित्याक कुटतत?"

जपानी पुस्तक उजवीकडून उघडतं, म्हणजे तिने गोष्ट शेवटापासून वाचली होती. जपानी येत नसताना, नुसत्या चित्रांवरून आणि 'चर्रर्र'वरून, आणि क्रम उलटा आहे हे बरोबर ओळखलं होतं.

तेव्हापासून मराठी आवृत्ती चालू आहे. सोपा मार्ग म्हणजे सगळी पानं आरशात धरल्यासारखी उलटी करायची. बहिणीने एक पान तसं करून पाहिलं. आजीचा पदर उजव्या खांद्यावर गेला आणि पापड डाव्या हाताने तळायला लागली. आईला फोटो पाठवला, तिचं उत्तर एका ओळीचं, ही आमची आई नव्हे. शिवाय देवनागरी आवाजही उलटे होतात.

म्हणून आता चौकटी एकेक सुट्या करून पानात डावीकडून उजवीकडे पुन्हा मांडायच्या आणि उंच फुगे परत पसरट करायचे. सहा पानं झाली आहेत. नवव्या पानावर अडलं होतं, कारण तिथे चौकटी नाहीतच, पानभर एकच तार आहे. जपानीत वाचणाऱ्याची नजर उजवीकडून डावीकडे जाते आणि कावळाही तिकडेच, पापडांकडे बघतो. मराठीत तो वाचणाऱ्याकडे पाठ फिरवून मागे बघतोय असं वाटायला लागलं. मागच्या रविवारी बहिणीने तारेवरून फक्त कावळा उचलला, त्याला एकट्याला उलटा केला आणि त्याच्या पायाखाली 'काव काव' पुन्हा हाताने लिहिलं.